विश्लेषण : देऊळ हलवता येते, समाधी का नाही? वाढत्या शहरांपुढचा जुना पेच

पिंपरी-चिंचवड महापालिकेचा प्रारूप विकास आराखडा मे २०२५ मध्ये जाहीर झाला. त्यात आळंदीच्या हद्दीलगत कत्तलखान्याचे आरक्षण असल्याचे समोर आले आणि वारकरी संप्रदायातून तीव्र विरोध सुरू झाला. ज्ञानेश्वर महाराजांच्या संजीवन समाधीच्या परिसरात कत्तलखाना नको, एवढीच मागणी होती. जूनमध्ये पालखी प्रस्थानाच्या निमित्ताने आळंदीत आलेल्या मुख्यमंत्री देवेंद्र फडणवीस यांनी हे आरक्षण वगळण्यास सांगितल्याचे जाहीर केले.

त्याच वर्षी जानेवारीत केरळमध्ये वेगळेच चित्र होते. तिरुवनंतपुरम जिल्ह्यातील नेय्याट्टिनकरा या शहरात एका कुटुंबाने घराजवळ वडिलांची समाधी बांधली होती. पोलीस आणि महसूल अधिकाऱ्यांनी ती फोडून मृतदेह बाहेर काढला आणि शवविच्छेदनासाठी पाठवला.

एक समाधी सातशे वर्षांहून जुनी, दुसरी सात दिवसांची. पहिलीसाठी सरकारने आराखडा बदलण्याची तयारी दाखवली, दुसरीवर हातोडा पडला. दोन्हींमागची धार्मिक कल्पना मात्र एकच आहे. मग फरक कुठे पडतो? शहरात समाधी बांधता येते का? रस्त्यात आली तर ती हलवता येते का?

समाधी म्हणजे नेमके काय?

मराठीत ‘समाधी’ हा शब्द किमान तीन वेगवेगळ्या गोष्टींसाठी वापरला जातो आणि बरेचसे वाद तिथूनच सुरू होतात.

पहिला अर्थ योगशास्त्रातला. पतंजलींच्या अष्टांग योगातील आठवे आणि शेवटचे अंग म्हणजे समाधी. ही चित्ताची अवस्था आहे, जागा नव्हे. दुसरा अर्थ, योगी किंवा संन्यासी पुरुषाचा देह जिथे जमिनीत ठेवला ती जागा. योग्याने जिवंतपणीच, ध्यानस्थ अवस्थेत स्वतःला बंद करून घेतले अशी श्रद्धा असेल तर तिला ‘संजीवन समाधी’ म्हणतात. आळंदीचे ज्ञानेश्वर महाराज, सासवडचे सोपानदेव, चिंचवडचे मोरया गोसावी यांच्या समाध्या या प्रकारात मोडतात. तिसरा अर्थ सर्वात सैल आहे. एखाद्या थोर व्यक्तीच्या दहनाच्या जागी किंवा अस्थींवर उभारलेले स्मारकही समाधीच म्हटले जाते. दिल्लीतील राजघाट ही महात्मा गांधींच्या दहनाची जागा आहे, तरी ती ‘समाधी’ आहे. सज्जनगडावर रामदासांच्या पार्थिवाचे दहन झाले, पण तिथल्या मंदिराला समाधी मंदिरच म्हणतात.

शहर नियोजनाच्या दृष्टीने यातला दुसरा अर्थ सर्वात अवघड. कारण इथे जमिनीखाली देह आहे.

हिंदूंमध्ये दहनाची रीत असताना संन्याशाचे दफन का?

संन्यास घेताना माणूस स्वतःचे श्राद्ध स्वतःच उरकतो आणि गृहस्थाश्रमातील अग्नीचा त्याग करतो. ज्याचे श्राद्ध झाले आहे आणि ज्याने अग्नी सोडला आहे, त्याला पुन्हा अग्नी कोण आणि कशासाठी देणार, असा यामागचा तर्क. शिवाय सिद्ध पुरुषाचा देह तपाने आधीच शुद्ध झालेला असतो, त्याला अग्निसंस्काराची गरज नाही, अशीही धारणा आहे. म्हणून संन्याशाला भूसमाधी किंवा जलसमाधी दिली जाते. दशनामी संन्यासी, नाथपंथी आणि लिंगायत या परंपरांत दफनाचीच रीत आहे. माध्व संप्रदायातील यतींच्या समाधीवर ‘वृंदावन’ बांधतात.

पद्धत साधारण अशी असते. खड्डा खणून त्यात देह पद्मासनात किंवा सिद्धासनात बसवला जातो. भोवती मीठ, विभूती, कापूर आणि बेलाची पाने भरतात. मिठाचे कारण केवळ धार्मिक नाही. मीठ देहातील आणि मातीतील ओलावा शोषून घेते, त्यामुळे कुजण्याची प्रक्रिया मंदावते आणि दुर्गंधी कमी होते. वर दगडी चौथरा, त्यावर शिवलिंग, पादुका किंवा तुळशी वृंदावन. पुढे शिष्य वाढले की मंडप येतो, कळस येतो, आणि दोन पिढ्यांनंतर येणाऱ्याला ते इतर कोणत्याही मंदिरासारखे मंदिरच दिसते.

इथेच मंदिर आणि समाधी यांतला मूळ फरक झाकला जातो. मंदिरातील मूर्तीत प्राणप्रतिष्ठा केलेली असते. विधिपूर्वक ती काढून घेता येते, मूर्ती दुसरीकडे नेता येते, पुन्हा प्रतिष्ठा करता येते. श्रीशैलम धरणाच्या पाण्यात जाणारे कुडवेल्लीचे प्राचीन संगमेश्वर मंदिर दगड दगड सुटे करून अलमपूरला पुन्हा उभारले गेले. समाधीबाबत तसे करता येत नाही. तिथे पूजा होते ती त्या जागेची, कारण देह त्या मातीत आहे. काही दशकांनी तर देह आणि माती वेगळे करता येत नाहीत. हलवायचे म्हटले तरी हलवणार काय, हा प्रश्न उरतोच.

गावाबाहेरच्या समाध्या शहराच्या मध्यात कशा आल्या?

समाध्या शहरात आल्या नाहीत, शहर समाध्यांपर्यंत आले. भूसमाधीची जागा बहुधा वस्तीबाहेर, नदीकाठी किंवा एखाद्या जुन्या शिवमंदिराजवळ निवडली जाई. पुणे परिसर याचे उत्तम उदाहरण.

जंगली महाराजांनी १८९० मध्ये देह ठेवला. तेव्हा त्यांचे वास्तव्य असलेले भांबुर्डा हे मुठेपलीकडचे गाव होते. शेजारी पाताळेश्वराची आठव्या शतकातील कोरीव लेणी. आज भांबुर्ड्याचे शिवाजीनगर झाले आहे आणि समाधी मंदिरासमोरचा रस्ता जंगली महाराज रस्ता, म्हणजेच ‘जेएम रोड’ म्हणून ओळखला जातो. १९७६ मध्ये बांधलेला आणि दशकानुदशके खड्डे न पडल्यामुळे पुणेकरांच्या कौतुकाचा विषय झालेला हाच तो रस्ता. तिथे खरेदीला येणाऱ्या तरुणांपैकी अनेकांना हे नाव एका योग्याचे आहे आणि त्याची समाधी याच रस्त्यावर आहे, याची कल्पना नसते.

सातारा रस्त्यावरील धनकवडीचा शंकर महाराज मठ हा दुसरा नमुना. महाराजांनी १९४७ मध्ये समाधी घेतली तेव्हा धनकवडी हे पुण्याबाहेरचे खेडे होते. आज मठासमोरून शहरातील सर्वाधिक वर्दळीच्या रस्त्यांपैकी एक जातो आणि गुरुवारी दर्शनाच्या रांगा व वाहतूक यांचा मेळ घालावा लागतो. महाराजांना सिगारेट वाहण्याची इथली प्रथा बाहेरगावच्या माणसाला चकित करते, नियमित येणाऱ्याला त्यात काही वावगे वाटत नाही. याच मार्गावर स्वारगेट ते कात्रज ही ५.४६ किलोमीटर लांबीची मेट्रो मार्गिका होत आहे. केंद्रीय मंत्रिमंडळाने ऑगस्ट २०२४ मध्ये तिला मंजुरी दिली. ती संपूर्ण भुयारी असल्याने रस्त्याकडेच्या जागा घेण्याची गरज मोजक्या ठिकाणीच पडते.

चिंचवडला पवनेच्या काठी मोरया गोसावींची संजीवन समाधी आहे आणि त्याच आवारात त्यांच्या वंशजांच्याही समाध्या आहेत. सतराव्या शतकाच्या मध्यात इथे दगडी मंदिर उभे राहिले. त्यानंतर तीन शतके चिंचवड हे देवस्थानामुळे ओळखले जाणारे गाव होते. मग कारखाने आले, १९८२ मध्ये पिंपरी-चिंचवड महानगरपालिका झाली आणि गाव औद्योगिक शहराच्या पोटात गेले.

सोलापूरचा क्रम याच्या उलट वाटावा असा आहे. बाराव्या शतकातील शिवयोगी सिद्धरामेश्वर हे बसवेश्वरांचे समकालीन. त्यांनी तलाव खोदला आणि त्याच परिसरात संजीवन समाधी घेतली, अशी श्रद्धा आहे. शहर या तलावाभोवतीच वाढले. जानेवारीत संक्रांतीच्या सुमारास होणाऱ्या गड्डा यात्रेत मानाचे नंदीध्वज शहरभरच्या ६८ लिंगांना तैलाभिषेक करण्यासाठी फिरतात आणि त्या दिवसांत सोलापूरची वाहतूक त्यांच्या वेळापत्रकाने चालते. समाधीला शहराच्या नकाशात बसवण्याऐवजी शहरानेच तिच्याभोवती आपली सवय बसवली, असे हे दुर्मीळ उदाहरण.

मुंबईत तर देशातील सर्वात महागड्या जमिनींपैकी एकीवर संन्याशांच्या समाध्या आहेत. मलबार हिलच्या पायथ्याशी बाणगंगा तलावाजवळ दशनामी गोसावींची समाधिभूमी आहे. चौथऱ्यांवर लहान लहान शिवलिंगे आणि मागे उंच इमारती. जून २०२४ मध्ये सुशोभीकरणाच्या कामात कंत्राटदाराच्या यंत्राने बाणगंगा तलावाच्या पायऱ्यांचे नुकसान झाले, तेव्हा या परिसराच्या जतनाचा प्रश्न चर्चेत आला आणि गुन्हाही दाखल झाला. चर्चा मात्र तलावापुरतीच राहिली.

आज शहरात नवी समाधी बांधता येते का?

‘नाही’ हे उत्तर पूर्ण खरे नाही, पण व्यवहारात जवळपास तसेच आहे.

महापालिका कायद्यांनुसार दहन आणि दफनाच्या जागांची नोंद असावी लागते. नोंद नसलेल्या जागी आयुक्तांच्या लेखी परवानगीशिवाय दफन करता येत नाही. मुंबई महानगरपालिकेच्या १८८८ च्या कायद्यात तर प्रार्थनास्थळाच्या भिंतीत, जोत्याखाली, ओसरीत किंवा येण्याजाण्याच्या मार्गाखाली परवानगीशिवाय दफन करण्यास स्पष्ट मनाई आहे. हा कायदा झाला त्या काळात शहरे साथीच्या रोगांनी आणि दूषित विहिरींनी त्रस्त होती, त्यामुळे तरतुदींचा रोख आरोग्यावर आहे. संन्यासी, साधू, योगी असा अपवाद त्यात नाही. जागा मठाच्या मालकीची असली तरी फरक पडत नाही. मालकी हक्क म्हणजे दफनाचा हक्क नव्हे.

यात आयुक्तांकडे परवानगीचा अधिकार आहे, ही मोकळी ठेवलेली फट. मोठ्या अनुयायीवर्गाच्या मठाधिपतींच्या बाबतीत प्रशासन मठाच्या आवारात समाधीला आडकाठी करत नाही, असे देशभर दिसते. म्हणजे नियम सर्वांना सारखा असला तरी सवलत अनुयायांच्या संख्येनुसार मिळते. हे सोयीचे आहे, न्याय्य आहे असे म्हणणे कठीण.

नेय्याट्टिनकरामध्ये नेमके काय घडले?

९ जानेवारी २०२५ रोजी ६९ वर्षांच्या एका वृद्धाचा मृत्यू झाला. ते घराजवळच्या छोट्या मंदिरात पूजाअर्चा करीत. वडील स्वतः समाधिस्थळी जाऊन बसले आणि त्यांनी समाधी घेतली, असे मुलांचे म्हणणे होते. नातेवाईक, शेजारी, डॉक्टर यांपैकी कोणालाही न कळवता मुलांनी काँक्रीटची खोली बंद केली आणि मग वडिलांनी समाधी घेतल्याचा फलक लावला. शेजाऱ्यांनी शंका घेतली, पोलिसांनी बेपत्ता झाल्याची नोंद करून चौकशी सुरू केली.

कुटुंब आणि काही संघटनांनी समाधी उघडण्यास विरोध केला. प्रकरण केरळ उच्च न्यायालयात गेले. न्यायालयाने मृत्यू प्रमाणपत्र कुठे आहे, असा साधा प्रश्न विचारला आणि कारवाई थांबवण्यास नकार दिला. १६ जानेवारीला समाधी उघडली गेली. आत देह बसलेल्या स्थितीत होता, भोवती भस्म आणि कापूर. प्राथमिक तपासणीत घातपाताच्या खुणा आढळल्या नाहीत. दुसऱ्याच दिवशी मिरवणुकीने देह परत आणून त्याच ठिकाणी विधिपूर्वक समाधी देण्यात आली, तीही आधीपेक्षा मोठी.

या प्रकरणाची बातमी ‘श्रद्धा विरुद्ध पोलीस’ अशी रंगली. कायद्याचा मुद्दा त्याहून साधा होता. घरात माणूस मेला तर तो कशाने मेला हे कोणीतरी तपासलेले असले पाहिजे आणि मृत्यूची नोंद २१ दिवसांत झाली पाहिजे. संशयास्पद मृत्यूत पुरलेला देह बाहेर काढून तपासण्याचा अधिकार दंडाधिकाऱ्याला भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १९६ ने दिलेला आहे. घरातल्या म्हाताऱ्या माणसाला कोणी जिवंतपणी भिंतीआड बंद करू नये, ही यामागची काळजी आहे. शवविच्छेदनानंतर समाधीला प्रशासनाने हरकत घेतली नाही, यावरूनही आक्षेप समाधीला नव्हता हे दिसते.

‘समाधी अवस्था’ की मृत्यू, हे कोण ठरवणार?

पंजाबमधील नूरमहल येथे याची कसोटी लागली. दिव्य ज्योती जागृती संस्थानचे प्रमुख आशुतोष महाराज यांना डॉक्टरांनी जानेवारी २०१४ मध्ये मृत ठरवले. शिष्यांनी ते समाधी अवस्थेत असल्याचे सांगून देह शीतपेटीत ठेवला. पंजाब आणि हरियाणा उच्च न्यायालयाच्या एकल न्यायमूर्तींनी डिसेंबर २०१४ मध्ये अंत्यसंस्काराचा आदेश दिला. जुलै २०१७ मध्ये खंडपीठाने तो आदेश रद्द करून देह जतन करण्याची मुभा दिली.

थोडक्यात, मृत्यू झाला की नाही हे वैद्यकशास्त्र ठरवते. मृत देहाचे पुढे काय करायचे, यात श्रद्धेला काही प्रमाणात वाव मिळू शकतो.

कायद्याच्या लेखी समाधी म्हणजे मंदिर का?

इथे सर्वोच्च न्यायालयाचा १९५३ मधील ‘सरस्वती अम्मल विरुद्ध राजगोपाल अम्मल’ हा निकाल महत्त्वाचा ठरतो. तेव्हाच्या मद्रास राज्यातील एका विधवेने पतीच्या समाधीवरील नित्यपूजा आणि वार्षिक गुरुपूजेसाठी मालमत्ता कायमची अर्पण केली होती. वारसांनी आव्हान दिले. न्यायालयाने म्हटले की सामान्य माणसाच्या थडग्यावर पूजा करण्यासाठी मालमत्ता कायमची गुंतवणे याला हिंदू धर्मशास्त्रात आधार नाही, त्यामुळे असे दान धार्मिक न्यास म्हणून टिकत नाही.

त्याच निकालात एक लक्षवेधी निरीक्षण आहे. हिंदू संतांची देव म्हणून पूजा झाल्याची उदाहरणे आहेत, पण त्यांना पुरल्याची उदाहरणे असली तरी फारच थोडी, अशा आशयाचे ते आहे. अशी प्रकरणे आली तर त्यांचा विचार वेगळ्या पायावर होऊ शकेल, अशी जागाही न्यायालयाने मोकळी ठेवली. आळंदी, सासवड, त्र्यंबकेश्वर, चिंचवड, अक्कलकोट, सोलापूर ही नावे सहज सांगणाऱ्या महाराष्ट्रातील वाचकाला ‘फारच थोडी’ हे वाचून नवल वाटेल.

व्यवहारात महाराष्ट्राने हा प्रश्न १९५० च्या सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था कायद्याने सोडवला. जिथे हिंदू समाज हक्काने पूजेला येतो ते ठिकाण त्या कायद्यात मंदिर ठरते. त्यामुळे समाधी मंदिरांचे न्यास धर्मादाय आयुक्तांकडे नोंदले जातात. आळंदी आणि चिंचवड या दोन्ही देवस्थानांच्या विश्वस्तांच्या नेमणुकीत जिल्हा न्यायालयाची भूमिका आहे.

संरक्षणाची एक फौजदारी तरतूदही आहे. दफनाच्या जागी किंवा मृताचे अवशेष ठेवलेल्या ठिकाणी भावना दुखावण्याच्या हेतूने घुसखोरी करणे हा भारतीय न्याय संहितेच्या कलम ३०१ नुसार गुन्हा आहे. त्यात धर्माचा भेद नाही.

समाधी रस्त्यात आली तर?

सर्वोच्च न्यायालयाने २९ सप्टेंबर २००९ रोजी सार्वजनिक रस्ते, उद्याने आणि मोकळ्या जागांवर नवी अनधिकृत प्रार्थनास्थळे होऊ देऊ नयेत, असा आदेश दिला. आधीच्या बांधकामांचा निर्णय राज्यांनी प्रकरणनिहाय घ्यायचा होता. महाराष्ट्राने ५ मे २०११ च्या शासन निर्णयाने अशा बांधकामांचे तीन वर्ग केले. नियमित करण्याजोगी, पाडून टाकण्याची आणि दुसरीकडे हलवण्याची.

तिसरा वर्ग मूर्ती असलेल्या देवळासाठी तयार केलेला तोडगा आहे आणि तो अनेक ठिकाणी चाललाही. समाधीला तो लागू पडत नाही. म्हणून समाधीच्या बाबतीत प्रशासनापुढे दोनच पर्याय उरतात, ठेवणे किंवा पाडणे, आणि पाडण्याची किंमत कोणताही आयुक्त सहज मोजायला तयार नसतो. परिणामी रस्ता वळतो किंवा अरुंद होतो.

याचा गैरफायदाही घेतला जातो. एखाद्या चौथऱ्याला ‘समाधी’ म्हटले की तो हलवता येत नाही, हे लोकांना कळले आहे. म्हणून खाली खरोखर देह आहे का, नोंद कुठे आहे, जुन्या मोजणी नकाशात आणि सातबाऱ्यावर काय म्हटले आहे, हे तपासणे गरजेचे ठरते. जुन्या समाध्यांच्या बाबतीत असे पुरावे बहुधा मिळतात. इनामाची सनद, गॅझेटियरमधील उल्लेख, सिटी सर्व्हेचा उतारा. शहरांनी समाधिस्थळांची स्वतंत्र यादी केली असती, तर प्रत्येक रस्तारुंदीकरणाच्या वेळी हे पुरावे नव्याने शोधावे लागले नसते.

वारसास्थळाच्या शेजारी असलेल्या समाधीचा प्रश्न आणखी निराळा. पाताळेश्वर लेणी केंद्रीय संरक्षित स्मारक आहेत. अशा स्मारकापासून १०० मीटरच्या आत नवे बांधकाम करता येत नाही, दुरुस्तीलाही परवानगी लागते. जंगली महाराज मंदिर लेण्यांना लागूनच आहे. त्यामुळे भक्तांसाठी मोठा सभामंडप बांधायचा म्हटले तरी तो निर्णय एकट्या विश्वस्तांच्या हाती राहत नाही.

मग सर्वात मोठा धोका कशाचा?

बुलडोझरचा नव्हे, पाण्याचा.

समाध्या नदीकाठी आहेत आणि नद्यांची अवस्था शहरांनी बिघडवली आहे. पवना धरणातून मोठा विसर्ग झाला की चिंचवडच्या मोरया गोसावी मंदिरात पाणी शिरते. पूर पूर्वीही येत, पण तेव्हा पात्राला पसरायला जागा होती. काठावर भराव टाकून बांधकामे झाली, तसे पाणी उरलेल्या जागेत चढू लागले. दगडी बांधकाम हे सहन करते, मात्र वारंवार भिजणाऱ्या पायाखालची माती किती काळ टिकेल याला मर्यादा आहे.

आळंदीत इंद्रायणीवर पांढऱ्या फेसाचे थर वारंवार दिसतात. कार्तिकी आणि आषाढीला लाखो वारकरी येतात तेव्हा याच पाण्यात स्नान करतात, तीर्थ म्हणून ते तोंडात घेतात. फेस दिसला की छायाचित्रे फिरतात, नोटिसा निघतात आणि पुढच्या महिन्यात पुन्हा फेस दिसतो. साबणातले आणि कारखान्यांतले रासायनिक घटक प्रक्रिया न होता पाण्यात आले आणि ते पाणी बंधाऱ्यावरून घुसळले गेले की फेस तयार होतो. याचा स्रोत आळंदीत नाही, वरच्या अंगाला आहे. आळंदी नगरपरिषद लहान, वरची महापालिका मोठी, औद्योगिक क्षेत्राची जबाबदारी तिसऱ्याकडे आणि प्रदूषण नियंत्रण मंडळ चौथे.

निळ्या पूररेषेच्या आत बांधकामाला मनाई आहे. याच इंद्रायणीच्या काठी चिखली येथे पूररेषेतील ३६ बंगले पिंपरी-चिंचवड महापालिकेने मे २०२५ मध्ये न्यायालयीन आदेशानंतर पाडले. लोकांनी आयुष्याची कमाई त्यात घातली होती. नियम आधीच पाळला असता तर ना बंगले उभे राहिले असते, ना पाडावे लागले असते.

कत्तलखान्याचे आरक्षण काही दिवसांच्या आंदोलनात मागे हटले. नदीतला फेस अनेक वर्षांच्या तक्रारींनंतरही हटलेला नाही. पहिल्या प्रश्नावर एक स्वाक्षरी पुरते. दुसऱ्यासाठी सांडपाणी वाहिन्या, प्रक्रिया केंद्रे आणि रोजची देखरेख लागते.

संतांच्या समाधीला जागा आहे, समाजाला आहे का?

या चर्चेत सर्वात कमी बोलली जाणारी बाजू हीच आहे. दफनाची रीत केवळ सिद्ध योग्यांची नाही. गोसावी, नाथपंथी आणि लिंगायत समाजातील सामान्य कुटुंबांतही मृताला बसवून माती दिली जाते. गावात यासाठी पिढीजात जागा होती. गाव शहरात गेले की त्या जागेवर एक तर आरक्षण पडते किंवा अतिक्रमण होते. मग घरात मृत्यू झाल्यावर नातेवाईकांना पार्थिव घेऊन दूरच्या मूळ गावी जावे लागते, नाही तर नाइलाजाने विद्युतदाहिनीचा मार्ग धरावा लागतो. स्वतंत्र दफनभूमीची मागणी या समाजांकडून राज्यातील अनेक शहरांत सातत्याने होत असते.

उत्तराखंड सरकारने हरिद्वारमध्ये साधूंच्या भूसमाधीसाठी स्वतंत्र जमीन देण्याचा निर्णय घेतला. गंगेत दिल्या जाणाऱ्या जलसमाधीने प्रदूषण वाढते, हे त्यामागचे एक कारण होते आणि आखाड्यांचीही तशी मागणी होती. महाराष्ट्रात यासाठी नवा कायदा करण्याचीही गरज नाही. नगररचना अधिनियम १९६६ नुसार विकास आराखड्यात स्मशानभूमी आणि दफनभूमीची आरक्षणे टाकता येतात. प्रारूप आराखडा प्रसिद्ध झाला की हरकती आणि सूचना मागवल्या जातात. दफनभूमीचे आरक्षण वगळले जाऊ नये किंवा नवे टाकावे, ही सूचना त्या मुदतीत लेखी द्यावी लागते. एकदा आराखडा मंजूर झाला की बदलासाठी फेरबदलाची लांबलचक प्रक्रिया करावी लागते आणि तोवर बहुतेक मोकळ्या जागांवर दुसरे काहीतरी उभे राहिलेले असते.